पहिला खर्डा कुणी लिहायचा? शिनोबू हाशिमोतोंचं पुस्तक वाचून

जपानी पटकथाकार शिनोबू हाशिमोतो यांचं ‘कंपाउंड सिनेमॅटिक्स : अकिरा कुरोसावा अँड आय’ हे पुस्तक आम्ही तिघींनी वर्गणी काढून मागवलं. तिघीही मालिका लिहितो. एकीकडे कथाविस्तार, दुसरीकडे पटकथा आणि माझ्याकडे संवाद. मुंबईतल्या दुकानांत विचारलं तर ‘मागवून देतो’ एवढंच उत्तर मिळत होतं, आणि ऑनलाइन दिसणारी किंमत मराठी पुस्तकांची सवय असलेल्या माणसाचे डोळे पांढरे करणारी होती. मग ठरलं, तिघींत एक प्रत. जिचा ट्रॅक आधी संपेल तिने आधी वाचायचं. टीआरपीच्या कृपेने पहिला नंबर माझा लागला.

मूळ जपानी पुस्तक २००६ सालचं. लेखकाचं वय तेव्हा ८८. लोरी हिचकॉक मोरिमोतो यांनी केलेला इंग्रजी अनुवाद २०१५ मध्ये आला. हाशिमोतो त्यानंतरही तीन वर्षं जगले आणि २०१८ च्या जुलैमध्ये शंभरी पूर्ण करून गेले. मुखपृष्ठावर दिग्दर्शक कुरोसावांचं नाव असल्यामुळे हे कुरोसावांवरचं पुस्तक समजून लोक विकत घेतात. तसं ते आहेही. पण माझ्या मते हे पुस्तक खऱ्या अर्थाने एकाच प्रश्नाचं आहे: पहिला खर्डा कुणी लिहायचा, आणि तो लिहिताना त्याला किती वेळ एकटं सोडायचं?

ज्यांना नाव ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगते. ‘राशोमोन’ (१९५०), ‘इकिरु’ (१९५२) आणि ‘सेव्हन समुराई’ (१९५४), या तिन्हींच्या पटकथेवर कुरोसावांच्या जोडीने हाशिमोतोंचं नाव आहे. ‘शोले’वर बोलताना ‘सेव्हन समुराई’चा उल्लेख आपल्याकडे शाळकरी पोरगाही करतो, पण ती गोष्ट टेबलावर बसून लिहिली कुणी हे विचारलं तर फिल्म सोसायटीवालेही एकच नाव सांगतात, दिग्दर्शकाचं. आपल्याकडे निदान सलीम-जावेदनी पैसे देऊन पोस्टरवर स्वतःची नावं रंगवून घेतली होती. हाशिमोतोंनी ते केलं नाही. त्यांनी म्हातारपणी पुस्तक लिहिलं.

सुरुवात वाचताना मला वाटलं, हा माणूस बनाव रचतोय. जन्म १९१८ चा, ह्योगो प्रांतातला. १९३८ मध्ये सैन्यात भरती झाले आणि लगोलग क्षयाने गाठलं. रणांगण राहिलं बाजूला, ओकायामाच्या सैनिकी सॅनेटोरियममध्ये चार वर्षं खाटेवर काढली. शेजारच्या सैनिकाने वेळ घालवायला म्हणून सिनेमाचं एक मासिक दिलं. त्यात एक पटकथा छापलेली होती. ती वाचून हाशिमोतोंची प्रतिक्रिया अशी की एवढंच असतं होय, हे तर मलाही जमेल. मग विचारलं, जपानात सगळ्यात चांगलं कोण लिहितं? शेजाऱ्याने नाव सांगितलं, मानसाकू इतामी. बस, ठरलं. पठ्ठ्याने सॅनेटोरियमच्याच आयुष्यावर एक पटकथा लिहिली आणि सरळ इतामींना पाठवून दिली. आणि इतामींनी उत्तर दिलं. नुसती पोच नव्हे, कुठे काय बिघडलंय ते सविस्तर सांगणारं उत्तर.

आमच्या धंद्यात संहिता पाठवली की दोन निळ्या टिका येतात. त्यानंतर जे येतं त्याला शांतता म्हणतात. त्यामुळे या प्रसंगाशी मी बराच वेळ थांबले. इतामी त्या काळचे मोठे दिग्दर्शक आणि लेखक होते, स्वतः क्षयाने अंथरुणाला खिळलेले. तरी ते एका अनोळखी शिपायाचं लिखाण वाचत राहिले, १९४६ मध्ये जाईपर्यंत.

दरम्यान हाशिमोतो हिमेजीजवळ युद्धसामग्री बनवणाऱ्या कंपनीत हिशेबनीस म्हणून लागले होते, आणि कामावर जाता-येता आगगाडीत लिहीत होते. दहिसरहून चढणाऱ्या बाईला हे वेगळं समजावून सांगावं लागत नाही. लेडीज डब्यात एका हाताने हँडल आणि दुसऱ्या हाताच्या अंगठ्याने सासूचे संवाद, हे मी कित्येक वर्षं करत आले आहे. फरक एवढाच की त्यांना बसायला मिळत असावं. पण हिशेबनिसाचा स्वभाव त्यांच्या लिखाणातून कधी गेला नाही. कुठला प्रसंग कशासाठी आला, त्याने गोष्टीच्या खात्यात काय जमा झालं, याचा हिशेब ते सतत मांडत असतात. वहीतल्या आकड्यांइतकी कोरडी शिस्त आहे पुस्तकाला, आणि मला ती आवडली.

इतामींनी त्यांना एकदा विचारलं होतं की दुसऱ्याच्या कथेवरून पटकथा करताना तू काय करतोस? हाशिमोतोंचं उत्तर काळजाला चरे पाडणारं आहे. ते म्हणाले, कुंपणात एक गाय आहे. मी रोज जातो, ऊन असो की पाऊस, वेगवेगळ्या बाजूंनी तिच्याकडे बघत राहतो. तिचं मर्मस्थान कुठे आहे ते एकदा कळलं की आत शिरतो आणि एका घावात संपवतो. मला तिचं रूप नको, चामडं नको, फक्त रक्त हवं असतं. ते बादलीत भरून घरी आणायचं आणि त्यावर काम करायचं. आपल्याकडे हे कुणी जाहीर कार्यक्रमात बोललं असतं तर माफीनामा लिहून द्यावा लागला असता. इतामींनी ऐकून घेतलं आणि एवढंच म्हणाले की तुझं बरोबर असेलही, पण काही कलाकृती अशाही असतात की तिथे मूळ कथेबरोबर आपणही जीव द्यावा लागतो. हे गुरु-शिष्याचं बोलणं वाचून मी आमच्या ग्रुपवर लिहिलं, ‘पुस्तकाचे पैसे वसूल.’ अजून निम्मंही झालं नव्हतं.

‘राशोमोन’चा जन्म त्यातूनच. हाशिमोतोंनी जपानी कथाकार अकुतागावांच्या एका छोट्या कथेवरून पटकथा लिहिली होती. बांबूच्या बनात एक खून होतो आणि जो तो वेगळी हकिकत सांगतो, ती कथा. इतामींचे सहकारी कियोशी साएकी यांच्यामार्फत ती कुरोसावांच्या हाती पडली. कुरोसावांना आवडली, पण सिनेमासाठी ती फारच आखूड होती. तेव्हा हाशिमोतोंच्या तोंडून निघून गेलं की अकुतागावांचीच ‘राशोमोन’ ही कथा यात घातली तर? घरी परतल्यावर हे जमवायचं कसं या विचाराने त्यांची पाचावर धारण बसली. शेवटी ‘राशोमोन’मधल्या पडक्या वेशीखाली पावसात अडकलेली माणसं आणि त्यांच्या बोलण्यातून उलगडत जाणारा खून, अशी ती सांगड बसली, आणि तिला अखेरचा आकार कुरोसावांनी दिला. १९५१ मध्ये व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात सुवर्णसिंह मिळाला. लेखकाचा हा पहिलाच सिनेमा.

दोन कथांचा एक सिनेमा म्हटल्यावर मराठी माणसाला ‘सिंहासन’ आठवणारच. तेंडुलकरांनी अरुण साधूंच्या ‘मुंबई दिनांक’ आणि ‘सिंहासन’ या दोन कादंबऱ्या घेऊन १९७९ चा तो सिनेमा उभा केला. तेंडुलकरांनी या कामावर असं पुस्तक लिहायला हवं होतं असं मला हाशिमोतो वाचताना सारखं वाटत होतं. कुठली पात्रं गाळली, का गाळली, जब्बार पटेलांशी कुठे वाजलं. आपल्याकडे नाटककारांच्या आठवणींनी कपाटं भरली आहेत, पण पटकथेच्या टेबलावर काय झालं हे लिहून ठेवायची पद्धत नाही.

आता ‘इकिरु’. या पुस्तकातला माझ्यासाठी सगळ्यात श्रीमंत भाग हाच. कुरोसावांनी हाशिमोतोंना विषय दिला तो एका ओळीचा: ७५ दिवसांत मरणार असलेला माणूस. बाकी काही नाही. तो कोण, काय करतो, हे ठरवायचं काम हाशिमोतोंचं. बऱ्याच विचाराअंती तो सरकारी कारकुनीत तीस वर्षं घालवलेला, काहीही न केलेला एक खातेप्रमुख झाला. पोटाचा कॅन्सर झाल्याचं कळतं आणि तो एका घाणेरड्या डबक्याच्या जागी मुलांसाठी बाग करून द्यायला धडपडतो. वस्तीतल्या बायका अर्ज घेऊन येतात आणि त्यांना या खिडकीवरून त्या खिडकीवर, आरोग्य खात्यातून उद्यान खात्यात फिरवलं जातं, तो भाग बघताना कुठलाही मुंबईकर ‘हे जपान आहे’ असं म्हणणार नाही. नळाला पाणी येत नाही म्हणून ज्याने एकदा तरी अर्ज दिलाय, त्याला या सिनेमाचं सबटायटल लागत नाही.

पहिला खर्डा हाशिमोतोंनी एकट्याने केला. मग हाकोनेच्या एका सरायीत कुरोसावा आणि ते दोघं बसले आणि पुढचा खर्डा लिहायला लागले. पानं साठत गेली. मग तिसरे आले, हिदेओ ओगुनी. कुरोसावांहून वयाने मोठे, हाशिमोतोंहून तर १४ वर्षांनी. त्यांनी झालेलं सगळं वाचलं आणि शांतपणे सांगितलं की हे असं चालणार नाही, हा माणूस मध्येच मरायला हवा. कुरोसावांचा चेहरा बदलला. हाशिमोतो तो क्षण फार बारकाईने लिहितात. खोलीत कुणी बोलत नाही. मग कुरोसावा लिहून झालेली पानं उचलतात आणि फाडून टाकतात.

सिनेमा पाहिला असेल तर त्या फाडण्याची किंमत कळते. ‘इकिरु’मध्ये बराच सिनेमा शिल्लक असताना नायक मरतो. पुढे त्याच्या मयताला जमलेले ऑफिसातले लोक साके, म्हणजे तांदळाची दारू, पीत बोलत बसतात, आणि त्याने शेवटच्या दिवसांत काय केलं ते आपल्याला त्यांच्या तोंडून, तुकड्या-तुकड्यांनी, एकमेकांना खोडून काढत कळत जातं. आमच्या मालिकेत नायक मेला तर तो प्लास्टिक सर्जरी करून परत येतो. इथे तो मेल्यावर मोठा होत जातो. (कादंबरीकार काझुओ इशिगुरो यांनी २०२२ मध्ये याच पटकथेवरून ‘लिव्हिंग’ हा इंग्रजी सिनेमा लिहिला. तोही सभ्य आहे. पण आधी मूळ बघा.)

या ओगुनींवर माझा जीव जडला आहे. हाशिमोतो सांगतात त्याप्रमाणे हा गृहस्थ खोलीत बसून एक अक्षर लिहीत नसे. कुरोसावा आणि हाशिमोतो टेबलावर लिहिताहेत आणि ओगुनी बाजूला इंग्रजी पुस्तक वाचत बसलेत. पानं पुढे सरकवली की ते वाचणार आणि ‘हो’ किंवा ‘नाही’ म्हणणार. ‘नाही’ म्हणाले की पुन्हा लिहायचं. कुरोसावांसारख्या माणसालाही. यासाठी त्यांना मोबदला मिळत होता आणि पडद्यावर लेखक म्हणून नावही. ज्याने स्वतः लिहिलेलं नाही त्याचा त्या पानांवर जीव अडकलेला नसतो, म्हणून तो खरं बोलू शकतो. इतकी साधी गोष्ट, पण ती व्यवस्था म्हणून राबवायला हिंमत लागते.

‘सेव्हन समुराई’चं प्रकरण तर पटकथा शिकवणाऱ्या प्रत्येक वर्गात वाचून दाखवावं असं आहे. आधी सात समुराई नव्हतेच. आधी होता एका समुराईचा एक दिवस. सकाळी उठतो, आवरतो, किल्ल्यावर कामाला जातो, काहीतरी चूक घडते आणि संध्याकाळी घरी येऊन पोट फाडून घेतो. हाशिमोतोंनी संशोधन सुरू केलं आणि गाडी जेवणावर येऊन अडली. दुपारी तो डबा खातो का? डबा घरून आणतो की किल्ल्यावर मिळतो? त्या काळी माणसं दिवसाला दोनदा जेवत की तीनदा? ग्रंथालयं पालथी घातली, खात्रीलायक उत्तर मिळेना. जेवणाचं ठरत नाही म्हणून त्यांनी कुरोसावांना सांगितलं की हा सिनेमा होणार नाही. कुरोसावा भडकले. पण सिनेमा झाला नाही.

मग दुसरी कल्पना निघाली, जपानमधल्या थोर तलवारबहाद्दरांच्या एकामागोमाग एक गोष्टी. हाशिमोतोंनी तीही लिहून काढली. आणि दोघांच्या लक्षात आलं की नुसत्या कळसांचा सिनेमा होत नाही. कळस म्हटला की खाली देऊळ लागतंच. हे मला छापून चॅनलच्या मीटिंग रूममध्ये चिकटवायचं आहे. तिथे दर आठवड्याला ‘रोज एक हाय पॉइंट हवा’ असं सांगितलं जातं.

तिसऱ्या खेपेला प्रश्न साधा निघाला. गावोगाव फिरून विद्या शिकणारे हे तलवारबाज, यांच्याकडे पैसे नसताना ते पोट कसे भरत? निर्माते सोजिरो मोतोकी यांनी शोधून सांगितलं: कुठे आखाड्यात जेवण मिळे, कुठे देवळात, आणि काहीच नसेल तर शेतकऱ्यांच्या गावात रात्रभर राखण करायची, त्या बदल्यात भात मिळे. शेतकरी समुराईला जेवणावर कामाला ठेवतात! तिथे सिनेमा सापडला. पहिली गोष्ट जेवणावर अडली आणि शेवटची जेवणावरच सुटली, याकडे हाशिमोतो फारसं लक्ष वेधत नाहीत, पण मला ते फार सुंदर वाटलं. २०७ मिनिटांचा सिनेमा मूठभर भातावर उभा आहे. पडद्यावरही बघा, शेतकरी पांढरा भात समुराईंना वाढतात आणि स्वतः हलकं धान्य खातात.

कुरोसावांच्या वह्यांबद्दलही याच भागात येतं. सात जणांपैकी प्रत्येकासाठी त्यांनी नोंदी भरून ठेवल्या होत्या. उंची किती, पायात काय आणि ते कसं घालतो, चालतो कसा, मागून कुणी हाक मारली तर वळून कसं उत्तर देतो. लहान-मोठ्या प्रसंगांत माणूस कसा वागेल याची सगळी तयारी. हाशिमोतो लिहितात की ते बघून ते थक्क झाले. माझ्याकडे कॅरेक्टर बायबल म्हणून जे येतं त्यात नायिकेच्या नावापुढे ‘स्वाभिमानी, सोशिक, वेळप्रसंगी रणरागिणी’ असं असतं. तिला मागून हाक मारली तर ती कशी वळेल? अर्थात स्लो मोशनमध्ये, तीनदा.

इथून पुस्तक वादाच्या मुद्द्यावर येतं. हाशिमोतोंचं म्हणणं असं: त्या तीन सिनेमांत आधी एका लेखकाने एकट्याने पूर्ण खर्डा लिहिला, मग बाकीचे त्यावर तुटून पडले. १९५५ च्या अणुबाँबची धास्ती घेतलेल्या म्हाताऱ्याच्या सिनेमापासून कुरोसावांनी पद्धत बदलली. सगळे लेखक एकदम बसायचे आणि थेट शेवटचा खर्डाच लिहायचा. काम पटपट व्हायला लागलं, मजाही यायला लागली, पण गोष्टीचा कणा आधी कुणी एकट्याने तपासलेलाच नसे. तिथून कुरोसावांची उतरण सुरू झाली असा त्यांचा दावा आहे, आणि तो ओढत ते ‘कागेमुशा’ आणि ‘रान’पर्यंत नेतात. गेलेल्या मित्राविषयी इतकं परखड लिहायला छाती लागते.

मला हा दावा निम्मा पटतो. थेट शेवटचा खर्डा म्हणजे काय हे माझ्याइतकं कुणाला माहीत असणार? आमच्याकडे एपिसोडची बँक, म्हणजे आधी शूट करून ठेवलेला साठा, संपलेली असते, घोडबंदर रोडवरच्या सेटवर कलाकार मेकअपला बसलेले असतात, आणि मी सीन व्हॉट्सॲपवर सोडत असते. वन-लाइन, म्हणजे सीनचा एका ओळीतला सांगाडा, सकाळी ठरते, संवाद दुपारी, शूट संध्याकाळी. पहिला खर्डा हाच शेवटचा. त्यात कधी कधी एखादा सीन झकास जमतो, नाही असं नाही. पण तीन महिन्यांनी लक्षात येतं की गोष्ट जिथे उभी होती तिथेच गोल फिरते आहे. हाशिमोतोंनी हे निदान चोख केलंय.

पण उरलेला निम्मा नाही पटत. ‘थ्रोन ऑफ ब्लड’ (१९५७) त्याच नव्या पद्धतीने लिहिलेला आहे, हाशिमोतो स्वतः त्या टेबलावर होते, आणि त्यात कुठेही कणा ढिला वाटत नाही. ‘योजिम्बो’ (१९६१) आणि ‘हाय अँड लो’ (१९६३) यांत तर हाशिमोतो नव्हतेच, आणि ‘हाय अँड लो’चा पहिला तास, एका दिवाणखान्यात घडणारा, पटकथेचा वस्तुपाठ आहे. म्हणजे माझ्याबरोबर केलेलं ते सोनं आणि नंतरचं पितळ, असा थोडा सूर लागतोच. शिवाय पन्नास वर्षांपूर्वीची संभाषणं शब्द न् शब्द दिली आहेत. शेवटी पटकथाकारच तो, संवाद लिहिल्याशिवाय राहवेल कसं?

तरी त्यांच्या प्रामाणिकपणाला दाद द्यावी अशी एक जागा आहे. दिग्दर्शक योशितारो नोमुरा यांनी त्यांना तोंडावर सांगितलेलं ते छापतात. नोमुरांचं मत असं की कुरोसावांना हाशिमोतो भेटायलाच नको होते. ते तीन जड सिनेमे झाले नसते तर कुरोसावा निव्वळ करमणुकीचे जगातले बादशहा झाले असते. स्वतःच्या आयुष्यभराच्या कामावरचा असा शेरा कोण स्वतःच्या पुस्तकात घालतं?

पुस्तकाची खरी उणीव दुसरीच आहे. नावातच कुरोसावा असल्याने हाशिमोतोंचं बाकीचं काम कोपऱ्यात गेलंय, आणि ते काम थोडंथोडकं नाही. १९५६ चा ‘डार्कनेस ॲट नून’ त्यांनी दिग्दर्शक तादाशी इमाईंसाठी लिहिला. खुनाचा खटला सुप्रीम कोर्टात चालू असताना, आरोपी निर्दोष आहेत असं सांगणारा सिनेमा. त्या माणसांची अखेर सुटका झाली ती १९६८ मध्ये. ‘हाराकिरी’ (१९६२) दिग्दर्शक मासाकी कोबायाशींसाठी. ज्याने तो पाहिलाय तो बांबूच्या तलवारीचा प्रसंग विसरू शकत नाही, आणि त्यातही तेच तंत्र आहे, बसून सांगितलेली गोष्ट, थोडी थोडी, समोरच्याचा गळा आवळत जाणारी. १९५८ मध्ये त्यांनी टेलिव्हिजनसाठी ‘मला शिंपला व्हायचंय’ असं काहीसं नाव असलेलं नाटक लिहिलं. सैन्यात ओढला गेलेला एक साधा न्हावी युद्धगुन्हेगार ठरून फासावर जातो. पुढच्याच वर्षी त्याचा सिनेमा त्यांनी स्वतः दिग्दर्शित केला. टीव्हीसाठी लिहिणाऱ्या बाईला या एका कामावर वेगळं प्रकरण हवं होतं. टीव्हीत चांगलं लिहिता येत नाही असं म्हणणाऱ्यांच्या अंगावर फेकायला.

आणि ‘कॅसल ऑफ सँड’ (१९७४). मात्सुमोतोंच्या रहस्यकादंबरीवरून, योजी यामादांबरोबर लिहिलेला, दिग्दर्शन नोमुरांचं. कुष्ठरोगी बाप आणि त्याचा लहान मुलगा गावोगाव भीक मागत फिरतात, हा भाग कादंबरीत काही ओळींत उरकलेला. हाशिमोतोंना मर्मस्थान सापडलं ते तिथे. सिनेमाच्या अखेरच्या भागात तो मुलगा मोठा संगीतकार होऊन स्वतःची रचना वाजवतोय, पोलीस त्याच्याविरुद्धचा पुरावा मांडताहेत, आणि मधूनमधून ते बाप-लेक बर्फातून, उन्हातून, समुद्राकाठाने चालताहेत. त्या चालण्यात संवाद नाहीत. एकही वाक्य नको असलेला कळस लिहिणं काय असतं हे संवाद विकून घर चालवणारीला विचारा. स्टुडिओने अनेक वर्षं नाही म्हटलेली ही पटकथा अखेर हाशिमोतोंनी स्वतःची निर्मितीसंस्था काढून मार्गी लावली.

याच माणसाने १९८२ मध्ये लिहिलेला आणि दिग्दर्शित केलेला ‘लेक ऑफ इल्युजन्स’ थिएटरातून घाईघाईने उतरवावा लागला. बिवा सरोवराकाठी धावणारी एक वेश्या, तिचा मारला गेलेला कुत्रा, सूड, मध्येच इतिहासकाळ आणि शेवटी स्पेस शटल. हो, स्पेस शटल. तिथे बाजूला बसून ‘नाही’ म्हणणारा ओगुनी नव्हता, असं मी धरून चालले आहे.

घ्यावं की नाही? पटकथा, एकांकिका, मालिका यांपैकी काहीही लिहीत असाल तर घ्या, वर्गणी काढून घ्या. नुसते कुरोसावांचे चाहते असाल तर थोडं जपून, कारण शेवटाकडे तुमच्या देवाला ओरखडे पडतात. इंग्रजी सोपं आहे, क्वचित खडबडीत. वाचायच्या आधी निदान ‘इकिरु’ आणि ‘सेव्हन समुराई’ पाहून घ्या, नाहीतर पानं फाडण्याचा प्रसंग वाया जाईल. कुणी हे मराठीत आणलं तर आम्ही तिघी तीन प्रती घेऊ, वेगवेगळ्या.

पुस्तक संपल्यावर मी चॅनलबरोबरच्या मीटिंगमध्ये सुचवून पाहिलं. नव्या मालिकेच्या टीममध्ये एक असा लेखक ठेवू जो काही लिहिणार नाही, फक्त वाचेल आणि नको असेल तिथे नाही म्हणेल. ओगुनींची सगळी गोष्ट सांगितली, कुरोसावांच्या नावासकट. सगळ्यांना पटलं. कार्यकारी निर्मात्याने तर वहीत लिहूनही घेतलं. मग पेन खाली ठेवून तो म्हणाला, “ताई, कल्पना एक नंबर. फक्त एक सांगा, न लिहिण्याचे पैसे बजेटमध्ये कुठल्या हेडखाली दाखवायचे?”